सहा सेकंदांची उधारी

गाणं रंगात आलेलं असतं. गायक थांबतो, मग एकेक वाद्य थांबतं आणि चार-सहा सेकंद फक्त ताल उरतो. पुढची माणसं सावरून बसतात, मागची टाचा उंचावतात. गाणं पुन्हा सुरू होतं आणि ते चार-सहा सेकंद विसरले जातात. तमाशाच्या फडात ढोलकीवाला असा एकटा सुटलेला तुम्ही पाहिला असेल. मी तो उरुसातल्या कव्वालीत लहानपणापासून पाहत आलो. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या सोल आणि फंक संगीतात या जागेला 'ब्रेक' म्हणतात आणि तिथे वाजणाऱ्या तालाला 'ब्रेकबीट'. आज मला या चार-सहा सेकंदांबद्दल बोलायचं आहे आणि ते वेचण्यात सगळी उमेद घालवलेल्या एका माणसाबद्दलही.

त्याचं नाव जोशुआ पॉल डेव्हिस. जन्म २९ जून १९७२चा, कॅलिफोर्नियातल्या सॅन होजेचा, म्हणजे साधारण माझ्याच पिढीचा. संगीताच्या जगात त्याला 'डीजे शॅडो' म्हणतात. डीजे म्हटलं की आपल्याकडे मिरवणुकीतली भिंतीएवढी स्पीकरची गाडी आठवते, खिडक्यांच्या काचा थरथरतात आणि कपाळाला आठी पडते. पण डीजे म्हणजे डिस्क जॉकी, हा शब्द मुळात रेडिओवाल्यांचा. तबकडी लावणारा, एवढाच त्याचा अर्थ. तबकडी लावणाऱ्याचा कलावंत कसा झाला, ही गोष्ट शॅडोच्या आधी, न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात सुरू होते.

क्लाइव्ह कॅम्बेल हा जमैकातल्या किंगस्टनहून १९६७ साली, बाराव्या वर्षी ब्राँक्सला आलेला मुलगा. त्या काळात ब्राँक्सच्या मधून भलामोठा महामार्ग गेला होता. वस्त्या तुटल्या होत्या, कामधंदे ओसरले होते. ११ ऑगस्ट १९७३ रोजी क्लाइव्हची बहीण सिंडी हिने शाळेच्या नव्या कपड्यांसाठी चार पैसे जमावेत म्हणून १५२०, सेजविक अव्हेन्यू या आपल्या इमारतीच्या सामायिक खोलीत नाचाचा कार्यक्रम ठेवला. मुलींना पंचवीस सेंट, मुलांना पन्नास सेंट. तबकड्या लावायला भाऊ होताच. पुढे तो 'डीजे कूल हर्क' म्हणून ओळखला गेला.

हर्कचं निरीक्षण साधं होतं. नाचणारी पोरं गाणं चालू असताना हातचं राखून नाचतात आणि ब्रेक आला की जीव तोडून नाचतात. मग त्याने एकाच गाण्याच्या दोन तबकड्या घेतल्या आणि दोन टर्नटेबलांवर ठेवल्या. पहिलीवरचा ब्रेक संपला की दुसरीवरचा सुरू करायचा, तोवर पहिली मागे फिरवून ठेवायची. सहा सेकंदांचा ताल असा हवा तितका वेळ चालवता येऊ लागला. आपल्या भाषेत सांगायचं, तर गाण्यातली एक जागा उचलून त्याने तिचाच ठेका केला. हिप-हॉप नावाच्या पुढच्या सगळ्या पसाऱ्याचं मूळ इथे आहे.

याच गोष्टीत आणखी एक बारकावा आहे. आपण कुठली तबकडी लावतो ते दुसऱ्या डीजेला कळू नये म्हणून हर्क तबकड्यांवरची लेबलं पाण्यात भिजवून काढून टाकत असे. धंद्याच्या दृष्टीने हे शहाणपणाचंच होतं. पण लेबल गेलं की त्यावरचं नावही जातं. ब्रेकबीटच्या इतिहासात पुसलेली नावं अशी पहिल्या दिवसापासून आहेत.

पुढे हाताचं काम यंत्राकडे गेलं. ऐंशीच्या दशकात 'सॅम्पलर' आले. जुन्या तबकडीवरचा एखादा तुकडा त्यात भरून ठेवायचा आणि बटण दाबलं की तो वाजवायचा. या उचलण्याला सॅम्पलिंग म्हणतात. अकाई या जपानी कंपनीचं 'एमपीसी ६०' हे यंत्र १९८८ साली आलं. त्यावर चार ओळींत चार अशा रबरी टिकल्या. प्रत्येक टिकलीवर एकेक आवाज बसवायचा. एकीवर ढोलाचा ठोका, दुसरीवर झांज, तिसरीवर पियानोचा अर्धा सूर. मग तबलजीने बोटं चालवावीत तशी त्या टिकल्यांवर बोटं चालवायची. यंत्राची स्मरणशक्ती मात्र तुटपुंजी होती. वाढवून घेतली, तरी त्यात अर्ध्या मिनिटापेक्षा कमी आवाज मावत असे. म्हणजे काय घ्यायचं यापेक्षा काय सोडायचं हे जास्त कळावं लागे. शेर लिहिणाऱ्याला ही अडचण कळेल. दोन ओळींत जे बसत नाही ते कितीही सुंदर असलं तरी बाहेर ठेवावं लागतं.

जोशुआ डेव्हिस वाढला तो सॅक्रामेंटोजवळच्या डेव्हिस या छोट्या विद्यापीठाच्या गावात. आडनाव आणि गाव एकच, हा निव्वळ योगायोग. ब्राँक्सपासून हे गाव देशाच्या दुसऱ्या टोकाला. तो गोरा. ज्या संगीताने त्याला झपाटलं ते मात्र न्यूयॉर्कच्या कृष्णवर्णीय वस्त्यांमधलं. त्याची त्या संगीताशी ओळख झाली ती रेडिओवरून आणि तबकड्यांवरून. पुढे गावातल्या विद्यापीठाच्या केडीव्हीएस या रेडिओ केंद्राभोवती जमलेल्या मित्रांनी 'सोलसाइड्स' नावाची स्वतःची छोटी रेकॉर्ड कंपनी काढली. लिरिक्स बॉर्न, लटीफ, 'ब्लॅकॅलिशस'च्या जोडीतला रॅपर असे रॅप करणारे तिथे होते. या शब्दांच्या माणसांत शॅडो मुका. तो तोंडाने काही म्हणत नसे, तबकड्यांकडून म्हणवून घेत असे.

लंडनमध्ये जेम्स लव्हेल या तरुणाची 'मो वॅक्स' नावाची कंपनी होती. तिने १९९३ साली शॅडोची 'इन/फ्लक्स' ही रचना प्रसिद्ध केली. बारा मिनिटांहून लांब, गायक नाही, ठरावीक मुखडा नाही. तालाचे तुकडे, भाषणांचे तुकडे, तंतुवाद्यांची एखादी लकेर. हे हिप-हॉप आहे की आणखी काही, हे ठरवता न आल्याने पुढच्या वर्षी 'मिक्समॅग' या इंग्लंडमधल्या मासिकाने त्यासाठी 'ट्रिप-हॉप' हा नवा शब्द वापरला. शॅडोला मात्र आपण हिप-हॉपच करतो आहोत, असं ठामपणे वाटत होतं.

सप्टेंबर १९९६मध्ये त्याचा पहिला पूर्ण अल्बम आला, 'एंडट्रोड्यूसिंग'. एक टर्नटेबल, एक एमपीसी ६० आणि व्हिडिओ कॅसेटसारख्या टेपवर आठ पदरांत मुद्रण करणारं एक यंत्र, एवढ्या सामानावर त्याने तो केला. मुद्रण झालं ते सॅन फ्रान्सिस्कोत, 'डॅन द ऑटोमेटर' या निर्मात्याच्या घरातल्या स्टुडिओत. या अल्बमसाठी वादक बोलावले नव्हते. मित्रांचे थोडे आवाज सोडले, तर जे ऐकू येतं ते दुसऱ्या कुणीतरी, दुसऱ्या कुठल्यातरी कामासाठी, पूर्वी कधीतरी वाजवून ठेवलेलं. संपूर्ण अल्बम सॅम्पल्सवर उभा करण्याचा पहिला मान म्हणून २००१ साली गिनेस बुकाने त्याची नोंद घेतली. २००६ साली 'टाइम' साप्ताहिकाने निवडलेल्या शंभर अल्बमांत तो होता.

रेडिओवर बोलताना याचा एखादा तुकडा ऐकवता येतो. छापील पानावर ती सोय नाही, म्हणून सांगतो. 'बिल्डिंग स्टीम विथ अ ग्रेन ऑफ सॉल्ट' या रचनेत पियानोचे काही सूर पुन्हा पुन्हा फिरतात, पावसाळ्यात पन्हाळीतून थेंब पडावेत तसे. त्यावर एका ड्रमरच्या जुन्या मुलाखतीतला आवाज येतो. आपण वाजवायला कसं शिकलो, ते तो सांगतो आहे. मग ढोलाचा ताल येतो आणि तोही कुणा तिसऱ्याचाच. तीन माणसं, तीन खोल्या, तीन वेगळी वर्षं. त्यांची आपसात कधी भेट झालेली नाही. पण ऐकताना वाटतं, ही मैफल एका रात्रीत, एका छताखाली जमली आहे.

या अल्बमच्या मुखपृष्ठावर सॅक्रामेंटोतल्या एका जुन्या तबकड्यांच्या दुकानाचा फोटो आहे. दुकानाचं नाव 'रेअर रेकॉर्ड्स'. रांगेने लावलेल्या तबकड्या आणि त्या चाळणारी दोन माणसं. या दुकानाला तळघर होतं. २००१ साली डग प्रे या दिग्दर्शकाने 'स्क्रॅच' नावाचा माहितीपट केला. त्यात शॅडो त्या तळघरात बसलेला दिसतो. छातीएवढे ढीग, मधून जेमतेम वाट, डोक्यावर मिणमिणता दिवा. आपल्या चोरबाजारात जुन्या रेकॉर्डवाल्याकडे उकिडवं बसून ज्यांनी ढीग उपसले आहेत, त्यांना ती धूळ लगेच ओळखू येईल. तिथे बसून तो जे बोलतो ते मला त्याच्या संगीताइतकंच महत्त्वाचं वाटतं. त्याच्या बोलण्याचा आशय असा: हा मोडलेल्या स्वप्नांचा ढीग आहे. यातल्या जवळजवळ कुणाचंच नाव आज चालत नाही. आणि आपणही तबकड्या काढतो म्हणजे याच ढिगात भर घालतो, काही वर्षांनी आपणही इथेच असू.

उचलणाऱ्याच्या मनात उचललेल्या मालाबद्दल असा धाक असेल, तर त्याला चोर म्हणावं का? हा प्रश्न मला सोडवत नाही, कारण तो माझ्याही धंद्याचा आहे.

काही वर्षांपूर्वी आमच्या गावात एका पुढाऱ्याच्या वाढदिवसाचे फ्लेक्स लागले. पुढाऱ्याचा फोटो दहा फुटी आणि खाली दोन ओळी. ओळी ओळखीच्या वाटल्या. त्या माझ्याच होत्या. माझं नाव मात्र कुठे नव्हतं, पुढाऱ्याचं तीनदा होतं. मित्र म्हणाले, अरे, तुझे शब्द लोकांच्या तोंडी गेले, आनंद मान. मी मानलाही. पण त्यांनी माझ्या ओळी घेतल्या याचं मला वाईट वाटलं नव्हतं. त्या कुणाच्याच नसल्यासारख्या घेतल्या, याचं वाटलं होतं.

आमच्या शायरीत उसनवारीला मोठी जुनी इज्जत आहे. तरही मुशायऱ्यात एखाद्या जुन्या उस्तादाचा मिसरा देतात आणि त्याच्या जमिनीवर, म्हणजे त्याच वृत्तात, त्याच काफिया-रदीफात सगळे गझला बांधून आणतात. दुसऱ्याचा मिसरा आपल्या शेरात सरळ गुंफला, तर त्याला तजमीन म्हणतात. तो मिसरा अवतरणचिन्हांत घालायचा आणि मूळ कवी कोण ते ऐकणाऱ्याला कळलं पाहिजे, असा शिरस्ता. हीच गोष्ट नाव दडवून केली, तर तिला वेगळा शब्द आहे, सर्का. सर्का म्हणजे चोरी. घेणं दोन्हीकडे सारखंच आहे. एकीकडे घेताना सलाम आहे, दुसरीकडे नाही. आपल्याकडच्या जाणत्यांनी या दोन गोष्टींसाठी दोन शब्द केले. सॅम्पलिंग हा एकच शब्द मात्र दोन्ही कामं करतो आणि घोटाळा तिथे होतो.

शॅडोच्या अल्बममध्ये तजमीन शोभावी, अशी एक जागा आहे. इंग्रज कवी विल्यम ब्लेकच्या १७९४ सालच्या संग्रहात 'द ह्यूमन ॲब्स्ट्रॅक्ट' नावाची दया, गरिबी आणि माणसाचा मेंदू यांच्याविषयी एक कडवट कविता आहे. १९६९ साली लॉस एंजेलिसमधल्या डेव्हिड ॲक्सेलरॉड या संगीतकाराने ब्लेकच्या कवितांवरून एक अल्बम केला. शब्द एकही न घेता त्याने कवितांचं नुसतं संगीत केलं. त्यात या कवितेच्या नावाचीही एक रचना होती. सत्तावीस वर्षांनी तिच्यातला पियानो शॅडोने उचलला आणि 'मिडनाइट इन अ परफेक्ट वर्ल्ड'मध्ये बसवला. लंडनमधला कवी, लॉस एंजेलिसमधला संगीतकार, डेव्हिसमधला डीजे. दोनशे वर्षांत कवितेतला एक शब्दही उरला नाही, पण तिची खिन्नता पोहोचली.

आणि इथे नाव दिलेलं होतं. ॲक्सेलरॉड, फिनलंडचा पेक्का पोह्योला, इटलीचा जॉर्जो मोरोडर, आइसलंडची ब्यर्क यांचा ऋणनिर्देश अल्बमवर आहे. त्यातल्या ॲक्सेलरॉडच्या बाबतीत या नावाने काय केलं ते पाहा. एकेकाळी त्याने कॅपिटल कंपनीसाठी लोकप्रिय तबकड्या घडवल्या होत्या. पुढे तो मागे पडला, विस्मरणात गेला. सॅम्पल करणाऱ्या पोरांमुळे त्याच्या जुन्या तबकड्यांची शोधाशोध सुरू झाली. १९६८च्या सुमाराला मुद्रित करून अर्धवट राहिलेलं त्याचं काम बाहेर आलं, त्यावर त्याने नवा हात फिरवला आणि २००१ साली त्याचा नवा अल्बम निघाला. तो काढला शॅडोच्या तबकड्या काढणाऱ्याच कंपनीने, 'मो वॅक्स'ने. २००४ साली लंडनच्या रॉयल फेस्टिव्हल हॉलमध्ये वाद्यवृंदासमोर तो स्वतः उभा राहिला. २०१७ साली तो वारला, तेव्हा जगभरच्या वर्तमानपत्रांनी त्याच्यावर लिहिलं. ढिगातून एक माणूस असा हाताला धरून वर काढला गेला.

पण ॲक्सेलरॉड संगीतकार होता. कायदा संगीतकाराला ओळखतो, तबकडीच्या मालकाला ओळखतो. चार-सहा सेकंद एकट्याने वाजवणाऱ्या ड्रमरला तो ओळखत नाही. त्या दिवसाची मजुरी दिली की हिशेब मिटला. या कथेतली दुसरी बाजू ती आहे.

वॉशिंग्टनच्या 'द विन्स्टन्स' या गटाने १९६९ साली एक तबकडी काढली. वरच्या बाजूला 'कलर हिम फादर' हे गाणं होतं. ते गाजलं, त्याला ग्रॅमी मिळालं. तबकडीची मागची बाजू भरायला म्हणून 'आमेन, ब्रदर' ही वाद्यरचना वाजवली. तिच्या मध्यावर बाकीचे थांबतात आणि ग्रेगरी कोलमन हा ड्रमर एकटा चार आवर्तनं वाजवतो. सहा-सात सेकंद, बस. १९८६ साली जुन्या ब्रेकच्या तबकड्यांचं एक संकलन न्यूयॉर्कमध्ये निघालं, त्याच्या पहिल्या भागात ही रचना आली आणि ते सेकंद सगळ्यांच्या हाती लागले. हिप-हॉपवाल्यांनी ते घेतले. नव्वदच्या सुरुवातीला लंडनमधल्या पोरांनी त्यांची गती वाढवली, तुकडे केले, उलटसुलट लावले आणि त्यातून 'जंगल', 'ड्रम अँड बास' हे नवे संगीतप्रकारच उभे राहिले. आजवर ते सेकंद हजारो गाण्यांत वापरले गेले आहेत. जाहिरातींतही वाजले. ते तुम्ही नक्की ऐकले आहेत, फक्त नाव माहीत नव्हतं.

कोलमनला यातला एक पैसाही मिळाला नाही. २००६ साली अटलांटात तो वारला. गटाचा प्रमुख रिचर्ड स्पेन्सर याच्या सांगण्याप्रमाणे, तेव्हा त्याला घरदारही उरलं नव्हतं. स्पेन्सरला स्वतःलाही या सगळ्याचा पत्ता फार उशिरा लागला. तोवर दावा लावण्याची मुदत टळली होती. २०१५ साली इंग्लंडमधल्या काही डीजेंनी आणि चाहत्यांनी लोकवर्गणी काढली आणि सुमारे चोवीस हजार पौंड स्पेन्सरच्या हाती दिले. ज्याच्या हातांनी ते सेकंद वाजले होते तो नऊ वर्षांपूर्वीच गेलेला होता.

दुसरा ड्रमर क्लाइड स्टबलफील्ड, जेम्स ब्राउन या महान गायकाचा साथीदार. २० नोव्हेंबर १९६९ रोजी सिनसिनाटीत 'फंकी ड्रमर' मुद्रित झालं. गाण्याचं नावच ड्रमरवरून, पण रचनाकार म्हणून श्रेय जेम्स ब्राउनचं. तो ब्रेकही शेकडो गाण्यांनी उचलला आणि स्टबलफील्डच्या पदरी स्वामित्वधनाचा हक्क आला नाही. तो पुढे विस्कॉन्सिनमधल्या मॅडिसन गावात राहिला आणि गावातल्या कार्यक्रमांत वाजवत राहिला. कर्करोगाच्या उपचारांचं मोठं बिल चुकतं करायला गायक प्रिन्सने गुपचूप मदत केली होती, हे २०१६ साली प्रिन्सच्या मृत्यूनंतर बाहेर आलं. पुढच्या वर्षी स्टबलफील्डही गेला.

तुम्ही म्हणाल, कायदा काय करत होता? कायदा आला, पण कुणासाठी आला ते पाहण्यासारखं आहे. डिसेंबर १९९१मध्ये न्यूयॉर्कच्या न्यायालयात बिझ मार्की या रॅपरविरुद्धचा खटला निकाली निघाला. त्याने गिल्बर्ट ओसलिव्हनच्या गाजलेल्या गाण्याचा तुकडा परवानगीशिवाय वापरला होता. न्यायाधीशांनी निकालाची सुरुवातच बायबलमधल्या चोरीविरुद्धच्या आज्ञेने केली. तेव्हापासून प्रत्येक तुकड्याची आधी परवानगी आणि आधी पैसे, अशी रीत पडली. रीत योग्यच. पण पैसे जात ते गाण्याच्या आणि तबकडीच्या मालकाकडे. शिवाय अमेरिकेच्या केंद्रीय कायद्याचं ध्वनिमुद्रणाला संरक्षण मिळालं ते १५ फेब्रुवारी १९७२ नंतरच्या मुद्रणांना. कोलमन आणि स्टबलफील्ड दोघांचेही ब्रेक त्याआधीचे. या जुन्या मुद्रणांना केंद्रीय कायद्यात जागा मिळाली ती २०१८ साली. तोवर कोलमन आणि स्टबलफील्ड दोघेही हयात नव्हते.

आणि याची उलटी बाजूही आहे. परवानगीचा खर्च इतका वाढला की डझनावारी तुकड्यांतून रचना विणणं बड्या कंपन्यांनाही परवडेना. 'डे ला सोल' या गटाचा १९८९चा पहिला अल्बम त्यातल्या सॅम्पल्सच्या गुंत्यामुळे इंटरनेटवर रीतसर ऐकायला मिळायला मार्च २०२३ उजाडला. शॅडोसारखे लोक मग कुणाला माहीत नसलेल्या तबकड्यांकडे आणखी वळले. म्हणजे कायद्याच्या धाकाने गाजलेली नावं राखली गेली आणि अनामिक आणखी अनामिक झाले. यात वाईट हेतू कुणाचा होता, असं मी म्हणत नाही. हिशेबाची वहीच अशी आखलेली होती की काही माणसांसाठी तिच्यात रकानाच नव्हता.

शॅडोचं पुढे काय झालं? पहिल्याच अल्बमने एवढं नाव दिलं की ते ओझं झालं. १९९८ साली लव्हेलबरोबर 'अंकल' या नावाने केलेल्या अल्बममध्ये त्याने रेडिओहेडच्या टॉम यॉर्कसारख्या गायकांना गाऊ दिलं. त्याआधीच रेडिओहेडने 'एअरबॅग' या १९९७च्या गाण्यासाठी शॅडोचा कित्ता गिरवत आपल्याच ड्रमरच्या वादनातले काही सेकंद कापून जोडले होते. जिवंत ड्रमर शेजारी बसलेला असताना त्याचाच ब्रेक करण्याची पाळी आली. १९९९ साली कट केमिस्ट या जोडीदाराबरोबर शॅडोने फक्त सात इंची छोट्या तबकड्यांवर 'ब्रेनफ्रीझ' केला. २००२ साली 'द प्रायव्हेट प्रेस' आला. २००६ साली 'द आउटसायडर'मध्ये त्याने आपल्या भागातल्या तरुण रॅपरांची धसमुसळी शैली घेतली आणि जुने चाहते चिडले. त्यांना पुन्हा १९९६ हवं होतं. त्याने ते द्यायला नकार दिला.

डिसेंबर २०१२मध्ये मायामी बीचवरच्या एका क्लबमध्ये तो वाजवत होता. जे चाललं आहे ते आमच्या गिऱ्हाइकांसाठी फार पुढचं आहे, असं सांगून व्यवस्थापनाने त्याला मध्येच थांबवलं. जुन्या तबकड्यांवर हयात घालवलेल्या माणसाला 'फार पुढचा' म्हणून उतरवलं जावं, यातली गंमत मला फार आवडते. पण कलावंताच्या नशिबाचा चिमटाही त्यात आहेच. निम्म्या लोकांना तो पुरेसा जुना राहिला नाही म्हणून नको होता आणि निम्म्यांना पुरेसा ओळखीचा नव्हता म्हणून.

तो थांबला नाही. २०११, २०१६, २०१९ अशी अल्बमांची रांग चालू राहिली आणि २०२३ साली 'ॲक्शन ॲडव्हेंचर' आला. त्याचं बीज रेडिओत आहे. बाल्टिमोर-वॉशिंग्टन भागातल्या केंद्रांवर ऐंशीच्या दशकात लागलेले संगीताचे कार्यक्रम कुणीतरी घरी टेप करून ठेवले होते. अशा सुमारे दोनशे कॅसेटी शॅडोने विकत घेतल्या आणि ऐकत बसला. पन्नाशीचा माणूस, पुन्हा एका ढिगासमोर. आमच्या पिढीने रेडिओसमोर टेपरेकॉर्डर धरून, घरच्यांना गप्प बसवून गाणी टेप केलेली आहेत. त्यामुळे त्या अनोळखी माणसाच्या कॅसेटींबद्दल मला नातेवाइकासारखं वाटतं.

हा सगळा प्रवास पाहून मला उसनवारीची भीती वाटत नाही. हर्कने उचललं नसतं, तर ब्राँक्सच्या पोरांना आवाज मिळाला नसता. शॅडोने उचललं नसतं, तर ॲक्सेलरॉडचा म्हातारपणी सन्मान झाला नसता. लंडनच्या पोरांनी उचललं नसतं, तर कोलमनचं नाव आज मी तुमच्यासमोर घेतलंच नसतं. कला उधारीवरच चालते. फक्त वहीत नाव लिहिलेलं असावं. पैसा देण्याची ऐपत प्रत्येकाची प्रत्येक वेळी असेलच असं नाही. पण नाव घ्यायला काही लागत नाही आणि नाव असलं, तर पैशाचा हक्क आज ना उद्या मागता तरी येतो.

आमच्या या रेडिओची एक जुनी रीत आहे, तिच्याकडे आपलं फारसं लक्ष जात नाही. शास्त्रीय गायनाचा कार्यक्रम संपला की निवेदक घाई करत नाही. तबल्यावर साथ कुणी केली, संवादिनीवर कोण होतं, सारंगीवर कोण, एकेक नाव तो स्वच्छ उच्चारून सांगतो. पूर्वी त्या वेळी माणसं चहाला उठत. मी अलीकडे तेवढ्यासाठी बसून राहतो.